यूकर, बॉब

यूकर, बॉब : (२६ जानेवारी १९३४–१६ जानेवारी २०२५). अमेरिकन बेसबॉल खेळाडू, नभोवाणी-समालोचक व विनोदकार. संपूर्ण नाव रॉबर्ट जॉर्ज यूकर. खेळाडू म्हणून त्याची व्यावसायिक कारकीर्द अवघी सहा हंगामांची आणि गुणवत्तेच्या दृष्टीने सामान्य होती. परंतु निवृत्तीनंतर त्याने १९७१ पासून २०२४ पर्यंत सलग ५४ हंगाम मिलवॉकी ब्रूअर्स या संघाच्या सामन्यांचे नभोवाणीवरून वर्णन केले. दूरचित्रवाणीवरील गप्पांचे कार्यक्रम, जाहिराती, मालिका व चित्रपट यांतूनही तो घरोघरी परिचित झाला. स्वतःच्या अपयशाची थट्टा करीत खेळाविषयी लोकांच्या मनात प्रेम निर्माण करणारा समालोचक, असे त्याचे वर्णन करता येईल. निवृत्त खेळाडूंच्या प्रसारणक्षेत्रातील वाटचालीचे ते एक लक्षणीय उदाहरण आहे.

पार्श्वभूमी : अमेरिकेत बेसबॉलच्या सामन्याचे पहिले नभोवाणी-प्रसारण ५ ऑगस्ट १९२१ रोजी पिट्सबर्ग येथील केडीकेए केंद्राने केले. हॅरल्ड आर्लिन हा या प्रसारणाचा निवेदक होता. प्रारंभीच्या काळात समालोचनाचे काम मुख्यतः व्यवसायी निवेदकांकडे व वार्ताहरांकडे असे. स्पष्ट उच्चार, शुद्ध भाषा व अखंड बोलण्याची सवय ही या कामाची पात्रता मानली जाई. प्रत्यक्ष खेळलेला माणूस ध्वनिक्षेपकापुढे बसू शकेल काय, याविषयी केंद्रचालक साशंक असत. ही शंका प्रथम दूर केली ती जॅक ग्रेनी याने. क्लीव्हलंड संघाचा हा माजी खेळाडू १९३२ मध्ये त्याच संघाच्या सामन्यांचा समालोचक झाला आणि १९५३ पर्यंत त्याने ते काम केले. व्यावसायिक बेसबॉलमधून समालोचनाकडे वळलेला पहिला खेळाडू म्हणून त्याची गणना होते.

त्यानंतरचे ठळक नाव डिझी डीन याचे. १९३४ च्या हंगामात ३० सामने जिंकून देणारा हा पिचर (चेंडू फेकणारा खेळाडू) १९४१ पासून सेंट लूइस येथे समालोचन करू लागला. त्याची भाषा ग्रामीण व व्याकरणाचे नियम न जुमानणारी होती. क्रियापदांची रूपे तो मनाप्रमाणे बनवी. मुलांच्या भाषेवर याचा वाईट परिणाम होतो, अशी तक्रार १९४६ मध्ये शिक्षकांनी केली. श्रोते मात्र डीनच्या बाजूने उभे राहिले. सेंट लूइस ब्राउन्स संघाच्या पिचरांवर तो प्रसारणात इतकी टीका करी, की अखेर संघाने २८ सप्टेंबर १९४७ रोजी त्यालाच मैदानात उतरविले. सहा वर्षे खेळापासून दूर असलेल्या डीनने त्या सामन्यात चार डावांपर्यंत प्रतिपक्षाला एकही धाव काढू दिली नाही. खेळाडू-समालोचकाचे बोलणे अनुभवाच्या आधारावर उभे असते, हे यातून लोकांना दिसले. पुढे जो गॅराजिओला या माजी कॅचरने या परंपरेत विनोदाची भर घातली. आपण फारसे मोठे खेळाडू नव्हतो, हीच गोष्ट त्याने हसतखेळत सांगितली. यूकरने हाच धागा पुढे नेला.

जन्म व खेळातील कारकीर्द : यूकरचा जन्म विस्कॉन्सिन राज्यातील मिलवॉकी या औद्योगिक शहरात झाला. १९५३ मध्ये ब्रेव्ह्‌ज हा संघ बॉस्टनहून मिलवॉकीस आला, तेव्हा यूकर १९ वर्षांचा होता. लष्करी सेवेनंतर १९५६ मध्ये त्याने आपल्या शहराच्या या संघाशी करार केला. दुय्यम श्रेणीच्या संघांतून सहा वर्षे काढल्यावर एप्रिल १९६२ मध्ये त्याला प्रमुख श्रेणीत प्रवेश मिळाला. १९६२ व १९६३ मध्ये तो मिलवॉकी ब्रेव्ह्‌ज, १९६४ व १९६५ मध्ये सेंट लूइस कार्डिनल्स, १९६६ व १९६७ मध्ये फिलाडेल्फिया फिलीज आणि १९६७ च्या उर्वरित हंगामात अटलांटा ब्रेव्ह्‌ज या संघांकडून खेळला. त्याच वर्षी त्याची खेळाडू म्हणून कारकीर्द संपली.

तो कॅचर या जागी खेळे. कॅचर हा फलंदाजाच्या मागे बसून पिचरने फेकलेला चेंडू झेलतो. क्रिकेटमधील यष्टिरक्षकाशी त्याचे साम्य असले, तरी त्याची जबाबदारी अधिक व्यापक असते. पिचरने कोणत्या प्रकारचा चेंडू टाकावा याची खूण बहुधा तोच करतो, आणि सर्व क्षेत्ररक्षकांकडे तोंड करून बसणारा असा तो एकटाच खेळाडू असतो. खेळाचा संपूर्ण पट त्याच्या नजरेसमोर उलगडत असल्याने पुढे समालोचक झालेल्या खेळाडूंत कॅचरांची संख्या लक्षणीय आहे. गॅराजिओला, यूकर व टिम मॅक्‌कार्व्हर ही तिन्ही नावे या जागेवरील खेळाडूंची आहेत.

यूकरने एकूण २९७ सामन्यांत भाग घेतला. ७३१ वेळा फलंदाजी करताना त्याने १४६ यशस्वी फटके मारले. त्याची सरासरी ०·२०० भरते. त्याच्या नावावर १४ होमरन आहेत. बेसबॉलमधील फलंदाजीची सरासरी क्रिकेटमधील सरासरीसारखी धावांवर काढली जात नाही. यशस्वी फटक्यांची संख्या भागिले फलंदाजीच्या अधिकृत संधी असे तिचे गणित असते. ०·३०० ही सरासरी उत्तम मानतात, म्हणजे उत्तम फलंदाजही दहापैकी सात वेळा अपयशी ठरतो. यूकर दहापैकी आठ वेळा अपयशी ठरत असे. व्यावसायिक खेळात टिकणे आणि बाहेर पडणे यांतील अंतर केवढे अरुंद असते, हे या दोन आकड्यांवरून ध्यानात येते. यूकरच्या पुढील सर्व विनोदाचे मूळ याच अरुंद पट्ट्यात आहे.

तथापि तो अगदीच कुचकामी खेळाडू होता, हा त्यानेच रूढ केलेला समज बरोबर नाही. झेल व फेक यांत तो तरबेज होता आणि फलंदाजीत दुबळा असूनही संघ त्याला राखीव कॅचर म्हणून ठेवीत, ते या गुणांमुळेच. १९६७ मध्ये अटलांटा संघात त्याला फिल नीक्रो या पिचरचे चेंडू झेलावे लागले. नीक्रो नकलबॉल हा चेंडू टाकी. हा चेंडू जवळजवळ न फिरता येतो व हवेत अनपेक्षित दिशांना डगमगतो. त्यामुळे तो मारणे जितके कठीण तितकेच झेलणेही कठीण असते. त्या हंगामात मोजकेच सामने खेळूनही कॅचरच्या हातून सुटलेल्या चेंडूंच्या यादीत यूकर नॅशनल लीगमध्ये पहिला आला. नकलबॉल झेलण्याचा सोपा उपाय म्हणजे तो घरंगळत थांबेपर्यंत वाट पहावी आणि मग उचलून घ्यावा, असे तो पुढे गंभीर चेहऱ्याने सांगे. याच नीक्रोने त्या वर्षी लीगमधील पिचरांत सर्वांत कमी धावा देण्याची सरासरी नोंदविली, ही गोष्ट मात्र या विनोदात झाकली जाते.

२४ जुलै १९६५ रोजी त्याने सँडी कोफॅक्स या आपल्या काळातील सर्वश्रेष्ठ पिचरच्या चेंडूवर होमरन मारला. कोफॅक्सला १९७२ मध्ये बेसबॉलच्या कीर्तिमंदिरात स्थान मिळाले. आपल्या त्या एका फटक्यामुळे बिचाऱ्याचा प्रवेश हुकणार अशी आपल्याला धास्ती होती, असे यूकर सांगत असे.

सेंट लूइसचा संघ : यूकरच्या जडणघडणीत १९६४ च्या सेंट लूइस कार्डिनल्स संघाला विशेष महत्त्व आहे. या संघाने त्या वर्षी न्यूयॉर्क यांकीज संघाचा पराभव करून वर्ल्ड सिरीज ही अंतिम स्पर्धा जिंकली. प्रमुख कॅचर मॅक्‌कार्व्हर असल्यामुळे यूकरला त्या स्पर्धेत एकदाही खेळण्याची संधी मिळाली नाही. त्या स्पर्धेतील एका सामन्यापूर्वी मैदानावर ठेवलेले ट्यूबा हे मोठे पितळी वाद्य उचलून तो सरावाचे उंच चेंडू त्याच्या कर्ण्यात झेलू लागला. हा प्रसंग त्या स्पर्धेच्या आठवणींत कायमचा जाऊन बसला. संघातील ताण हलका करणे हे राखीव खेळाडूचे अलिखित काम त्याने मनापासून केले. १९६५ च्या खेळपत्रिकेसाठी छायाचित्र काढताना उजव्या हाताने खेळणाऱ्या यूकरने मुद्दाम डावखुऱ्याचा पवित्रा घेतला आणि ते चित्र तसेच छापले गेले.

या एका संघातून पुढे अनेक समालोचक निघाले. मॅक्‌कार्व्हर दूरचित्रवाणीवरील अग्रगण्य विश्लेषक झाला. बिल व्हाइट याने १९७१ पासून न्यूयॉर्क यांकीजच्या सामन्यांचे वर्णन केले व पुढे तो नॅशनल लीगचा अध्यक्ष झाला. माइक शॅनन याने १९७२ ते २०२१ या काळात सेंट लूइसच्या नभोवाणीवर काम केले. एकाच पोशाखगृहात बसणाऱ्या चौघांनी चार वेगळ्या वाटांनी खेळाची कथा सांगावी, हा योगायोग विरळाच म्हणावा लागेल.

रंगमंचावरून दूरचित्रवाणीकडे : निवृत्तीनंतर यूकर अटलांटा संघाच्या जनसंपर्काचे काम करी. मेजवान्या व सभांतून तो आपल्या अपयशाचे किस्से सांगे. अल हर्ट या प्रख्यात ट्रम्पेटवादकाच्या अटलांटा येथील निशागृहात त्याला कार्यक्रमाची संधी मिळाली. हर्टच्याच शिफारशीने तो जॉनी कार्सनच्या ‘द टुनाइट शो’ या रात्रीच्या लोकप्रिय कार्यक्रमात पोहोचला. कार्सनबरोबर तो पुढे शंभराच्या आसपास वेळा दिसला. कार्सननेच त्याला ‘मिस्टर बेसबॉल’ ही पदवी बहाल केली. सामान्य खेळाडूला दिलेल्या या भारदस्त नावातील उपरोध प्रेक्षकांना आवडला. पण काळाच्या ओघात उपरोध गळून पडला आणि नाव तेवढे खरे ठरले.

त्याच्या विनोदाची रीत साधी होती. चेहऱ्यावर हसू नाही, आवाज संथ, आणि सांगण्याचा आव एखाद्या यशस्वी माणसाच्या आत्मकथनाचा. ब्रेव्ह्‌ज संघाने तीन हजार डॉलरांवर आपल्याशी करार केला तेव्हा वडील काळजीत पडले, कारण त्यांच्याजवळ संघाला देण्याइतके पैसे नव्हते, असे तो सांगे. श्रोत्याची अपेक्षा एका दिशेने नेऊन शेवटच्या शब्दांत ती उलटवण्याची ही हातोटी होय. दुसऱ्या कोणाला कमी लेखून हशा मिळविण्याची त्याला गरज पडली नाही.

मिलवॉकी व ब्रूअर्स : यूकरच्या समालोचनाचा अर्थ समजण्यासाठी मिलवॉकी शहराचा इतिहास ध्यानात घ्यावा लागतो. १९५७ मध्ये जगज्जेतेपद मिळवून देणारा ब्रेव्ह्‌ज संघ १९६५ च्या हंगामानंतर अटलांटा येथे निघून गेला. अमेरिकेत व्यावसायिक संघ हा मालकाची मालमत्ता असतो आणि अधिक उत्पन्नाच्या आशेने तो दुसऱ्या शहरात हलविता येतो. आपला संघ गमावल्याची जखम मिलवॉकीच्या लोकांच्या मनात खोल होती. बड सेलिग या स्थानिक व्यावसायिकाच्या प्रयत्नांनी १९७० मध्ये सिॲटल येथील दिवाळखोर झालेला पायलट्स हा संघ मिलवॉकीस आणण्यात आला व त्याला ब्रूअर्स असे नाव देण्यात आले. शहरातील मद्यनिर्मितीच्या जुन्या व्यवसायावरून हे नाव पडले.

सेलिगने यूकरला प्रथम होतकरू खेळाडू शोधण्याच्या कामावर नेमले. या कामात तो यशस्वी झाला नाही. त्याने पाठविलेल्या अहवालावर कुस्करलेले बटाटे व रस्सा सांडलेला होता, अशी आठवण सेलिग सांगत असे. म्हणून १९७१ मध्ये मर्ल हार्मन व टॉम कॉलिन्स या समालोचकांच्या जोडीला त्याला नभोवाणीवर बसविण्यात आले. १९८० पासून तो संघाचा प्रमुख समालोचक झाला. शहरात वाढलेला, शहराच्या गेलेल्या संघाकडून खेळलेला आणि नव्या संघाबरोबर परतलेला हा माणूस श्रोत्यांना आपलाच वाटला. नव्या संघाला जुन्या आठवणींशी जोडणारा दुवा त्यांना त्याच्या आवाजात सापडला.

पुढील काळातील संघाचे बहुतेक महत्त्वाचे क्षण विस्कॉन्सिनच्या लोकांनी त्याच्या तोंडून ऐकले. १९८२ मध्ये ब्रूअर्स वर्ल्ड सिरीजमध्ये पोहोचले. सात सामन्यांच्या झुंजीनंतर ते यूकरच्याच जुन्या सेंट लूइस संघाकडून हरले. एप्रिल १९८७ मध्ये ह्वान न्येव्हेस या पिचरने बॉल्टिमोर येथे प्रतिपक्षाला एकही यशस्वी फटका मारू न देता सामना जिंकला. ९ सप्टेंबर १९९२ रोजी रॉबिन याउंट याने आपला ३,००० वा यशस्वी फटका मारला. मात्र यूकरच्या हयातीत ब्रूअर्सना जगज्जेतेपद एकदाही मिळाले नाही. हरणाऱ्या संघाचे वर्णन वर्षानुवर्षे ऐकण्याजोगे ठेवणे, हीच त्याच्या कौशल्याची खरी कसोटी होती.

समालोचनाची पद्धत : अमेरिकन समालोचनात सामान्यतः दोन भूमिका असतात. एक जण घडत असलेल्या प्रत्येक चेंडूचे वर्णन करतो आणि दुसरा त्यावर भाष्य करतो. माजी खेळाडूंना बहुधा दुसरी भूमिका दिली जाते. कारण पहिल्या भूमिकेसाठी निवेदनाचे वेगळे तंत्र अवगत असावे लागते. यूकरने वर्णनाची ही अवघड भूमिका शिकून घेतली व तीत पारंगतता मिळविली, हे त्याचे वैशिष्ट्य होय.

नभोवाणीवरील श्रोत्याला काहीच दिसत नसते. किती डाव झाले, कोण पुढे आहे, कोणत्या बेसवर कोण धावपटू आहे, चेंडूंची मोजणी काय, वारा कोणत्या दिशेचा, हे सर्व समालोचकाने पुनःपुन्हा सांगावे लागते. शिवाय बेसबॉलमध्ये प्रत्यक्ष हालचालीपेक्षा दोन चेंडूंमधील विराम अधिक असतात. प्रमुख श्रेणीतील संघ एका हंगामात १६२ सामने खेळतो व प्रत्येक सामना सुमारे अडीच ते तीन तास चालतो. हे विराम कसे भरावेत, यावर समालोचकाचे यश अवलंबून असते. यूकर ते प्रवासातील गमती, मासेमारी, सहकाऱ्यांची थट्टा आणि आपल्या खेळातील फजिती यांच्या गोष्टींनी भरी. गोष्ट सांगत असतानाच चेंडू पडला, की ती मध्येच सोडून तो खेळाकडे वळे आणि चेंडू झाल्यावर सुटलेला धागा अचूक उचले.

त्याच्या विनोदाला शिस्त होती. सामना एकतर्फी झाला असेल तरच तो किश्श्यांत रमे. अटीतटीच्या क्षणी मात्र त्याचे वर्णन नेमके व आटोपशीर असे. होमरनच्या वेळी तो चेंडूलाच उद्देशून बोले. वर चढ, वर चढ, बाहेर जा, असे त्याला बजावून शेवटी तो गेल्याचे जाहीर करी. चेंडूच्या हवेतील प्रवासाचा काळ या शब्दांनी नेमका भरून निघत असल्याने श्रोत्याला त्याची झेप जणू डोळ्यांपुढे दिसे.

समालोचक संघाशी किंवा त्याच्या हक्क-विक्रीशी बांधलेला असला, की निःपक्षपातीपणाचा प्रश्न उभा राहतो. आपल्या संघाची भलावण करणारे आणि आपल्याच खेळाडूंवर कठोर टीका करून प्रामाणिकपणा सिद्ध करणारे, असे दोन्ही प्रकारचे समालोचक अमेरिकेत होऊन गेले. यूकरने तिसरी वाट धरली. संघाच्या विजयाचा आनंद तो लपवीत नसे. पण चूक झाली तर ती चूक म्हणून सांगे आणि खेळाडूची मात्र अवहेलना करीत नसे. हा खेळ किती कठीण आहे, हे त्याच्या ०·२०० या सरासरीने त्याला शिकविले होते. चुकलेल्या खेळाडूची बाजू त्याला आपोआप कळे. म्हणूनच तीन पिढ्यांच्या खेळाडूंनी त्याला परका मानले नाही. २०१८ मध्ये ब्रूअर्सच्या खेळाडूंनी स्पर्धेतील बक्षिसाच्या रकमेचा एका खेळाडूइतका पूर्ण वाटा त्याला देण्याचे ठरविले. त्याने ती रक्कम धर्मादाय संस्थांना देऊन टाकली.

राष्ट्रीय प्रसारण, जाहिराती व चित्रपट : मिलवॉकीचे काम सांभाळूनच यूकरने राष्ट्रीय पातळीवर काम केले. १९७६ ते १९८२ या काळात तो एबीसी वाहिनीवरील बेसबॉल-प्रसारणात हॉवर्ड कोसेल, कीथ जॅक्सन, अल मायकल्स इ. समालोचकांबरोबर होता. १९९० नंतरच्या दशकात एनबीसी वाहिनीसाठी त्याने बॉब कोस्टस व जो मॉर्गन यांच्यासह १९९५ व १९९७ च्या वर्ल्ड सिरीजचे समालोचन केले. सामान्य खेळाडू यूकर आणि कीर्तिमंदिरात समाविष्ट झालेला महान खेळाडू मॉर्गन यांचे एकत्र बसणे प्रसारणाच्या दृष्टीने पूरक ठरले. एक खेळ कसा जिंकावा हे सांगे, तर दुसरा तो हातून कसा निसटतो हे सांगे.

१९८० नंतरच्या काळात एका बीअरच्या जाहिरातींनी त्याची लोकप्रियता वाढविली. आपल्याला पहिल्या रांगेत जागा मिळणार अशा खात्रीने निघालेल्या यूकरची रवानगी प्रेक्षागाराच्या अगदी वरच्या टोकाला होते, असा या जाहिरातीचा विषय होता. त्यानंतर क्रीडांगणातील सर्वांत दूरच्या आसनांना अमेरिकेत ‘यूकरची आसने’ म्हणण्याचा प्रघात पडला. मिलवॉकी येथे २००१ मध्ये सुरू झालेल्या नव्या क्रीडांगणात दृष्टीआड येणाऱ्या काही आसनांना हेच नाव देऊन ती एका डॉलरला विकण्यात येत. १९८५ ते १९९० या काळात ‘मिस्टर बेल्व्हेडियर’ या विनोदी मालिकेत त्याने जॉर्ज ओवेन्स या कुटुंबप्रमुखाची भूमिका केली. १९८७ व १९८८ मध्ये तो व्यावसायिक कुस्तीच्या ‘रेसलमेनिया’ या मेळाव्यांत पाहुणा निवेदक म्हणून दिसला.

‘मेजर लीग’ (१९८९) या चित्रपटातील हॅरी डॉइल हा समालोचक ही त्याची सर्वांत गाजलेली भूमिका होय. क्लीव्हलंडच्या रडतखडत चाललेल्या संघाचे हताश पण विनोदी वर्णन करणारा डॉइल म्हणजे यूकरच्या व्यवसायाचे विडंबन होते. पिचरने फलंदाजापासून कित्येक फूट दूर फेकलेला चेंडू ‘जरासाच बाहेर’ होता असे तो सांगतो. हा शब्दप्रयोग पुढे बोलीभाषेत शिरला. कथा क्लीव्हलंडची असली, तरी मैदानावरील बरेचसे चित्रण मिलवॉकीच्या काउंटी क्रीडांगणावर, म्हणजे यूकरच्या नेहमीच्या कामाच्या जागीच झाले. ‘कॅचर इन द राय’ (१९८२) हे त्याचे आठवणींचे पुस्तक आहे. त्याच्या नावात एका प्रसिद्ध कादंबरीच्या शीर्षकावर कोटी केली असून ‘राय’ या शब्दाचे इंग्रजी वर्णलेखन उपरोधिक अशा अर्थाचे आहे.

मोठ्या वाहिन्या व चित्रपट यांचा मोह असूनही त्याने मिलवॉकीची नभोवाणी सोडली नाही. दूरचित्रवाणीवर चित्र आधी दिसते व समालोचक त्याच्या मागून बोलतो. नभोवाणीवर मात्र समालोचक बोलेपर्यंत सामना श्रोत्यापुरता घडलेलाच नसतो. यूकरची प्रतिभा या दुसऱ्या माध्यमातच पूर्णपणे खुलली.

सन्मान : २००१ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय नभोवाणी कीर्तिमंदिरात त्याचा समावेश झाला. २००३ मध्ये त्याला फोर्ड सी. फ्रिक पुरस्कार मिळाला. बेसबॉलच्या प्रसारणातील श्रेष्ठ कामगिरीबद्दल कूपर्सटाउन येथील कीर्तिमंदिरातर्फे हा पुरस्कार १९७८ पासून देण्यात येतो. तो मिळविणारी व्यक्ती कीर्तिमंदिराची सदस्य होत नाही, हा भेद लक्षात ठेवण्याजोगा आहे. त्या समारंभातील यूकरच्या भाषणाने व्यासपीठावरील दिग्गज खेळाडूंना हसून हसून पुरेवाट केली. ग्रेनी (२०२२), गॅराजिओला (१९९१) आणि मॅक्‌कार्व्हर (२०१२) यांनाही हा पुरस्कार लाभला. ग्रेनीच्या बाबतीत तो मरणोत्तर होता. व्यावसायिक बेसबॉलमधील पन्नास वर्षांच्या गौरवार्थ ब्रूअर्स संघाने २००५ मध्ये ५० हा अंक त्याच्या नावे जाहीर केला. २०१० मध्ये व्यावसायिक कुस्तीच्या कीर्तिमंदिरातही त्याला स्थान मिळाले. २०१२ मध्ये मिलवॉकीच्या क्रीडांगणाबाहेर त्याचा पुतळा उभारण्यात आला. २०१४ मध्ये दुसरा पुतळा प्रेक्षागाराच्या सर्वांत वरच्या रांगेतील एका आसनावर बसविण्यात आला. जाहिरातीतील थट्टेला ब्राँझचे रूप मिळण्याचे हे उदाहरण बहुधा एकमेव असावे.

अखेरचे हंगाम : २०१० मध्ये यूकरवर हृदयशस्त्रक्रिया झाली, तरीही तो ध्वनिक्षेपकाकडे परतला. वाढत्या वयात त्याने परगावचे सामने कमी केले, पण मिलवॉकी येथील सामन्यांचे समालोचन चालू ठेवले. २०२३ च्या प्रारंभापासून तो फुप्फुसाच्या कर्करोगाशी झुंजत होता. ही गोष्ट त्याच्या हयातीत जाहीर करण्यात आली नाही. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी न्यूयॉर्क मेट्सविरुद्धच्या निर्णायक सामन्यात ब्रूअर्स अखेरच्या डावापर्यंत आघाडीवर होते. पीट अलॉन्सोच्या होमरनने सामना फिरला आणि मिलवॉकीचा हंगाम संपला. यूकरचे ते शेवटचे समालोचन ठरले. त्यानंतर साडेतीन महिन्यांच्या आत, ९१ व्या वाढदिवसाला दहा दिवस उरले असताना, विस्कॉन्सिनमध्येच त्याचे निधन झाले.

मूल्यमापन : निवृत्त खेळाडूला प्रसारणमाध्यमे बहुधा त्याच्या पराक्रमासाठी बोलावतात. पराक्रमाची आठवण ताजी आहे तोवर त्याच्या शब्दाला वजन राहते; पुढे नव्या विजेत्यांनी त्याची जागा घेतली, की ते ओसरते. यूकरजवळ हे भांडवल नव्हते. अपयशाचा अनुभव, निरीक्षणाची सवय आणि भाषेवरील ताबा एवढ्यावरच त्याने आपले काम उभे केले. राखीव खेळाडू बाकावर बसून इतरांपेक्षा अधिक सामने पाहतो, आणि पाहिलेले सांगणे हेच समालोचकाचे काम असते. या अर्थाने त्याची सहा वर्षांची सामान्य कारकीर्द ही पुढील ५४ वर्षांची उमेदवारीच ठरली. खेळातील कीर्ती व खेळाची जाण या दोन भिन्न गोष्टी आहेत, हे त्याच्या उदाहरणावरून स्पष्ट होते. लाखो श्रोत्यांच्या दृष्टीने उन्हाळा सुरू झाल्याची खूण म्हणजे त्याचा आवाज होता. मैदानावर जो एकाही शहराचा नायक होऊ शकला नाही, तो ध्वनिक्षेपकापुढे बसून आपल्या जन्मगावाचा आवाज झाला.